उमेराला खेळवलं नाही

राजूर, १८ ऑगस्ट

उमेरा,

नुसतंच उमेरा. पुढेमागे काही लावत नाही.

तुझी धाकटी आरिफा सांगत होती, तुमच्या अमरावतीच्या होस्टेलात मोबाईल जमा करून घेतात आणि फक्त रविवारी हातात देतात. रविवारी दिला तरी मला काय उपयोग? माझा नंबर तू ब्लॉक केलेला. पत्र ब्लॉक करता येत नाही. फाडता येतं, पण फाडायच्या आधी माणूस वाचतोच.

तू गेल्यापासून टीमचं कसं चाललंय ते सांगते. विमलताई रोज सरावाला येतात, शिट्टी वाजवतात आणि पोरी इकडून तिकडे पळतात. पुढे कोणी नाही. मी बॉल लांब मारते, तो पडतो, घरंगळत बाहेर जातो. आधी तो पडायच्या आत तू तिथं पोचलेली असायचीस. कॅप्टन मी आहे खरी, पण गोलकीपर कॅप्टन म्हणजे मागे उभं राहून ओरडणारी बाई.

तुझं बरं आहे. आपल्या कॉलेजात सगळ्यांत जास्त गोल तुझे, आणि विद्यापीठात आठशे मीटरला पहिली कोण, तर तीही तूच. एकाच पोरीच्या पायात किती भरायचं? मला एकच खेळ येतो, तोही हात लावायची परवानगी आहे म्हणून. माझ्या आईला, इंदूबाईला, ऑफसाइड म्हणजे काय ते अजून कळलेलं नाही, पण मी सरावाहून घरी आले की पहिला प्रश्न, "उमेराचं काय चालू हाय वं?" पोटची पोरगी समोर घाम पुसत उभी आहे, तिचं काय चालू हाय ते कोणी विचारत नाही. बाबा खाणीतून पाळी करून येतात, तेही तेच विचारतात.

अमरावतीच्या धावण्याच्या कॅम्पसाठी तुझी निवड झाली हे मला वणीच्या चौकातल्या फ्लेक्सवरून कळलं. येणारे-जाणारे वाचत होते, त्यांच्यात उभी राहून मीही वाचलं. लहानपणापासून एका वाटेनं शाळेत गेलो, एका डब्यात जेवलो, आणि मला फ्लेक्सवरून कळावं? म्हणून मी बसस्टँडवर आले तुला गाठायला. विचारलं, "मले काहून नाई सांगतलं?"

तू बॅग उचलता उचलता म्हणालीस, "सांगतलं असतं तं तू जाऊ देलं असतं का?"

मी म्हटलं, "जा मंग. पळतच राह्य जिंदगीभर."

तू गाडीत चढलीस. मी खिडकीपाशी आले नाही. आता सांग, यात नंबर ब्लॉक करण्यासारखं काय होतं?

प्रियंका


राजूर, २१ सप्टेंबर

उमेरा,

उत्तर आलं नाही. येईल असं वाटलंही नव्हतं. (वाटलं होतं.)

तुझी नऊ नंबरची जर्सी आरिफाला दिली. विमलताईंनी विचारलं, तुझी हरकत नाही ना? मी म्हटलं, माझी कशाला, बहीण तिची आहे. आरिफाला ती गुडघ्यापर्यंत येते. पोरगी जीव तोडून खेळते. तुझ्यासारखी चालते, तुझ्यासारखी केसांना मागून गाठ मारते, पण बॉल पायाला लागला की तू नसतेस. चूक तिची नाही. तरी मी तिच्यावर ओरडते. काल ती रडली. मग मी तिला गुपचूप कुल्फी घेऊन दिली, कुल्फीवाला आला होता म्हणून.

बाबांच्या गाडीचा ब्रेक लागत नव्हता म्हणून मन्सूर चाचांच्या गॅरेजवर गेले होते. चाचांनी हात पुसले, चहा मागवला, आणि गाडीकडे न बघता विचारलं, "बेटा, उमेरा का कुछ फोन?" मी खोटं बोलले. म्हटलं, आला होता, मजेत आहे. चाचा हसले. म्हणाले, "तुझ्याशी बोलते तर मले फिकर नाई. घरी फोन करते तर दोन मिनिट बोलते अन् ठेवते." मला आतून इतकं बरं वाटलं. दोन मिनिटं तर दोन मिनिटं, बापालाही जास्त देत नाहीस! मग आठवलं की मला तर तेवढंही नाही.

इन्स्टावर तुझा फोटो पाहिला. मला नाही, आरिफाला दिसतो, तिच्या मोबाईलवर. ट्रॅकवर बसलीय तू, बाजूला एक उंच पोरगी, आणि तिच्या डोक्यावर तुझी पिवळी टोपी. ती टोपी मी वणीच्या बाजारातून घेतली होती, दुकानदाराशी भांडून. आरिफानं सांगितलं, तिचं नाव सुरभी, दारव्ह्याकडची, तुझ्याच खोलीत राहते, आठशेच पळते. तुझ्यामागे दुसरी येते म्हणे. दात छान आहेत तिचे. फार दाखवते.

टोपी तिनं मागितली की तू दिलीस? एवढंच कळव. बाकी काही नको.

प्रियंका


राजूर, ९ नोव्हेंबर

उमेरा,

मी अमरावतीला आले होते. विद्यापीठाच्या अॅथलेटिक्सला.

घरी सांगितलं, कॉलेजचं काम आहे. ओढणी तोंडाला बांधून वरच्या पायरीवर बसले, पोरांच्या घोळक्यामागे. तुला भेटायचं नव्हतं. तू कशी पळतेस ते बघायचं होतं, माझ्याशिवाय.

खरं लिहिते, कारण खोटं लिहून तुला काय फरक पडतो? तू लाइनवर उभी राहिलीस तेव्हा मी मनात म्हणत होते, पड. जोरात नको, लागू नये, पण पड. म्हणजे तुला परत यावं लागेल आणि आपण पहिल्यासारख्या राहू.

तू पडली नाहीस. पहिली फेरी तू मागे मागे राहिलीस, मला वाटलं दमली. मग दुसऱ्या फेरीच्या लांब बाजूला तू बाहेरून निघालीस. उमेरा, मी तुला फुटबॉलच्या मैदानात हजारदा पळताना पाहिलंय, पण तिथं तुझ्यासोबत बॉल असतो, लोकांची नजर बॉलवर असते. इथं मधे काहीच नव्हतं. नुसती तू होतीस. माझ्या पुढचा पोरगा म्हणाला, "काय पोट्टी हाय बे!" मला त्याला सांगावंसं वाटलं की ती माझी मैत्रीण आहे. आणि त्याच्या डोक्यात चप्पल घालावीशीही वाटली.

तू पहिली आलीस. सुरभी दुसरी. ती लाइन ओलांडून आली आणि तुझ्या गळ्यात पडली, आणि तुम्ही दोघी गवतावर आडव्या झालात, एकमेकींच्या पोटावर डोकं ठेवून, हसत.

गोल केल्यावर तू कुठं पळायचीस, आठवतं? सगळ्या पोरी तुझ्यामागे धावायच्या आणि तू त्यांना चुकवून अख्खं मैदान उलटं पळत माझ्याकडे यायचीस. रेफरी ओरडायचा. विमलताई ओरडायच्या. समोरच्या टीमला वाटायचं, ही येडी झाली. तू येऊन माझ्या ग्लोव्हजवर दोन्ही हात आपटायचीस आणि परत जायचीस. आता गवतावर लोळणं आलं.

बक्षिसाला थांबले नाही. परतीच्या गाडीत जागा नव्हती, नेरपर्यंत उभी होते. कंडक्टरनं विचारलं, तब्येत बरी नाही का? म्हटलं, हो.

प्रियंका


राजूर, २७ नोव्हेंबर

उमेरा,

आपण फायनलला पोचलो. तुझ्याशिवाय. सेमीफायनल पेनल्टीवर जिंकली; माझ्याबद्दल पेपरात दोन ओळी आल्या, नाव 'प्रियांका' छापलं. बाबांनी कात्रण पाकिटात ठेवलंय.

फायनल डिसेंबरच्या पहिल्या आठवड्यात, यवतमाळला. समोर पुसदची टीम. त्यांची मागची फळी भिंतीसारखी आहे, आरिफा त्यांच्यातून निघणार नाही. विमलताई म्हणाल्या, "उमेराचं नाव अजून आपल्याच कॉलेजात हाय. नियमात बसते. तू बोलावलं तं येईन ते."

आरिफानं मला बाजूला घेऊन सांगितलं की तुमच्या कोचनं ताकीद दिलीय. जानेवारीत ऑल इंडिया आहे, तोवर दुसरा खेळ खेळायचा नाही. खेळलीस तर बॅग भरायची आणि घरी जायचं.

मला हे माहीत आहे, हे तुला माहीत असावं. मी दिवसभर विचार केला. आईनं भाजी निवडायला दिली होती, ती तशीच राहिली. आणि तरी लिहिते: ये.

टीमसाठी ये असं मी पोरींना सांगितलंय. तुला वेगळं सांगते. मला बघायचंय की तू येतेस का. त्यांनी घरी पाठवलं तर काय होईल? घरी येशील. घरात काय वाईट आहे? मी आहे, आरिफा आहे, रशीदा चाचीच्या हातचं जेवण आहे. इथंही पळता येतं. खाणीच्या रस्त्यानं सकाळी ट्रक नसतात.

सुरभीला विचारून ठरवू नकोस.

प्रियंका


राजूर, १२ डिसेंबर

उमेरा,

मॅचला आठवडा झाला. टीममधल्या पोरी माझ्याशी बोलत नाहीत. तूही बोलणार नाहीस. म्हणून सगळं लिहून ठेवते, मग तुला जे वाटायचं ते वाटू दे.

यवतमाळच्या लोहाऱ्याजवळच्या त्या मैदानाच्या फाटकातून तू आत आलीस तेव्हा पोरी किंचाळल्या. आरिफानं तिथल्या तिथं जर्सी काढायला सुरुवात केली, खाली टी-शर्ट होता म्हणून बरं. मी गोलपोस्टला जाळी बांधत होते. मी वळले नाही. मला इतका आनंद झाला होता की मला माझीच लाज वाटली. आली. सगळं सोडून आली. मी ये म्हटलं आणि आली!

मग वळले आणि तुझ्या मागे बॅग घेऊन ती दिसली.

तू बूट बांधायला बसलीस. विमलताई म्हणाल्या, "कॅप्टन तू हायेस. अकरा जणींची नावं तू दे." आणि तेवढ्यात सुरभी माझ्याकडे आली. जवळून पाहिलं तर ती फोटोतल्यासारखी नाही. घाबरलेली होती.

म्हणाली, "प्रियंका तूच ना? तिले खेळू नोको देऊ."

मी म्हटलं, "तू कोन सांगनारी?"

"मी लय समजावलं तिले. ऐकत नाई. फक्त येवढंच मनते, प्रियंकानं बोलावलं. सकाळी गाडीत बसली तं मीबी बसली, एकटी कशी सोडू? कोचले समजन. मॅचच्या कागदावर नाव आलं का संपलं. तिची जागा जाईन."

"मंग जागा कोनाले भेटन?"

तिनं बॅग खाली ठेवली. मग म्हणाली, "मले. मी दुसरी हाय." आणि माझ्याकडे सरळ बघून म्हणाली, "तरी सांगून राह्यली."

उमेरा, इथं नीट वाच. पोरी म्हणतात, प्रियंका जळते म्हणून तिनं उमेराला बसवलं. मन्सूर चाचा परवा घरी आले, माझ्या डोक्यावर हात ठेवून म्हणाले, "बेटा, तू उसका भला किया." पोरी जास्त बरोबर आहेत. पण त्यांना वाटतं मी तुझ्यावर जळले. तुझ्यावर मी रोजच जळते, त्याची मला सवय आहे. त्या क्षणी मी सुरभीवर जळले. तुझी जागा गेली तर ती तिला मिळणार, आणि तरी ती बॅग उचलून तुझ्यामागे यवतमाळपर्यंत आली, तुला वाचवायला. आणि मी, लहानपणापासूनची, तुला बुडवायला बोलावून बसले होते. ती माझ्यापेक्षा तुझी जास्त आहे, हे मला सहन झालं नाही. तिला तेवढं चांगलं मी होऊ देणार नव्हते; तुला वाचवायचंच तर मी वाचवणार.

मी आरिफाचं नाव दिलं.

तू उभी राहिलीस, एका पायात बूट. "मले बोलावलं तूच, अन् बसवलं बी तूच?" सगळ्यांसमोर. मी ग्लोव्हज चढवले. सुरभीनं मला सांगितलं असं म्हटलं असतं तर तू तिच्यावर चिडली असतीस, आणि मला ते आवडलं असतं. मोह झाला होता. पण मग मी नुसती तिचं ऐकणारी ठरले असते. हे माझं होतं, मला एकटीला ठेवायचं होतं.

मॅच तू पाहिलीस. आरिफा चांगली खेळली. तिचा तो एक बॉल वरून गेला, त्यासाठी तिला घरी बोलू नकोस. गोल झाला तो माझ्यामुळे. त्यांचा कॉर्नर होता, आणि मी तुमच्याकडे बघत होते. सुरभी तुला शेंगदाणे सोलून देत होती. तू घेत नव्हतीस, ती तुझ्या हातात ठेवत होती. मी परत वळले तोवर बॉल जाळीत होता.

हरलो. तू निघून गेलीस, उपविजेत्यांची शील्ड आम्ही घ्यायच्या आधीच. आरिफा सांगते, कोचला कळलं, खूप बोलले, पण नाव कागदावर नव्हतं म्हणून ठेवून घेतलं. बरं झालं. खरंच बरं झालं. दोनदा लिहिते, कारण पहिल्यांदा लिहिताना दात आवळलेले होते.

प्रियंका


राजूर, २४ मार्च

उमेरा,

ईदला तू होतीस, मी होते, सगळं तुझ्यासमोर घडलं, तरी लिहिते. माझ्या बाजूनं ते वेगळं दिसलं असेल.

ऑल इंडियाला तू चौथी आलीस, हे मला मन्सूर चाचांनी सांगितलं. मोबाईलवर त्यांनी ती रेस गॅरेजवर येईल त्याला दाखवली. मला म्हणाले, "बेटा, तुझी दोस्त आहे, पुन्हा बघ." मी पुन्हा पाहिली, मग पुन्हा. शेवटच्या वळणावर तिघी पुढे गेल्या तेव्हा मी चाचांचा हात इतका दाबला की त्यांच्या हातचं ग्रीस माझ्या ड्रेसला लागलं. पड असं एकदाही मनात आलं नाही. आलं असतं तर लिहिलं असतं.

ईदच्या दिवशी मी यायची नव्हते. चाचा बोलवायला आले. आई म्हणाली, "जा वं, तोंड घेऊन बसली काहून?" आले तर ओट्यावर सुरभी. तुमच्या ओट्यावर, माझ्या जागी पाय सोडून, शीरखुर्मा खात. दरवर्षी रशीदा चाची मला ज्या निळ्या काचेच्या वाटीत देते, त्या वाटीत. चाचीनं मला स्टीलची दिली. मी चाचीला काही म्हटलं नाही; घरात पाहुणे भरपूर होते.

तू आतून आलीस, हिरवा ड्रेस, आणि म्हणालीस, "चाल." कुठं ते सांगितलं नाहीस. सुरभी उठायला लागली, तर तू तिला म्हटलंस, "तू खाय." तेवढ्यासाठी मी तुझ्यामागे गावाबाहेरपर्यंत गेले असते. मैदान तर जवळच होतं.

वाटेत तू बोलत होतीस, मी ऐकत होते. म्हणालीस, "तुह्यी सगळी पत्रं वाचली. सुरभीनंबी वाचली." मग म्हणालीस, "ते रडली शेंगदान्यावर."

मी विचारलं, "मी बोलावलं तेव्हा तुले मालूम होतं ना, मी कायले बोलावून राह्यली?"

"होतं. लिहूनच तं देलं होतं तू."

"मंग आली काहून?"

तू थांबलीस. कोळशाचा ट्रक गेला, त्याची धूळ खाली बसली. मग म्हणालीस, "अमरावतीले सगळ्यायले माह्ये पाय पाह्यजे. तुले मी पाह्यजे होती. वाईट पद्धतीनं पाह्यजे होती, पन मी पाह्यजे होती."

तेव्हा मी मैदानाकडे चालू लागले. आता लिहिते. एप्रिलमध्ये माझी शेवटच्या वर्षाची परीक्षा. मग कॉलेज संपलं, टीम संपली. तू एका वर्षानं मागे, तू पुढल्या वर्षी खेळशील, तुझा कोच सोडेल तेव्हा. गोलमध्ये दुसरी कोणी असेल. म्हणजे यवतमाळची मॅच आपल्या दोघींची शेवटची होती. एका टीममध्ये, एका मैदानात, तू पुढे आणि मी मागे. ती मीच होऊ दिली नाही. ते बरोबर केलं हे मला कळतं. सकाळी उठल्यावर कळतं, दुपारपर्यंत कळतं, संध्याकाळी सरावाच्या वेळेला कळेनासं होतं.

मैदानात तू मला ईदच्या कपड्यांत गोलमध्ये उभं केलंस. चपला काढून ठेवल्या. लांब गेलीस आणि एकामागून एक बॉल मारलेस, जीव घ्यायचा असल्यासारखे. काही अडवले, काही गेले. एक पोटावर लागला, अजून दुखतं. राग होता तो, मला समजलं. मी एकदाही 'हळू मार' म्हटलं नाही. मग तू थांबलीस, पळत आलीस आणि माझ्या उघड्या तळव्यांवर दोन्ही हात आपटलेस.

वळून पाहिलं तर कडेला सुरभी उभी, हातात निळी वाटी, टाळ्या वाजवता येत नाहीत म्हणून चमच्यानं वाटी वाजवत होती. पोरगी चांगली आहे. तिचं चांगलं असणं मला अजून पचत नाही, पचेल असंही वाटत नाही. तिला सांग, वाटी चाचीला परत दे म्हणावं.

परवा तू माझा नंबर उघडलास, मेसेज आला तुझा. पण मेसेजमध्ये मला नीट भांडता येत नाही, म्हणून हे पत्र.

परीक्षेनंतर मी विमलताईंसोबत शाळेतल्या पोरींना शिकवायला लागणार आहे, रविवारी सकाळी, आपल्याच मैदानात. फॉरवर्ड कशी पळते ते मला दाखवता येत नाही. तू ये. एखाद्या रविवारी ये. सुरभीला सोबत आणलंस तरी चालेल, असं लिहायला घेतलं होतं.

नाही लिहीत. एकटी ये.

तुझी
प्रियंका